आफ्रिकेचा करंडक, आफ्रिकेच्या अटींवर

फेब्रुवारी १९५७. सुदानची राजधानी खार्टूममध्ये आफ्रिका खंडाची पहिली फुटबॉल स्पर्धा भरली. मैदानात उतरले तीन संघ, सामने झाले दोन. इजिप्तने यजमान सुदानला २-१ असं हरवलं आणि अंतिम सामन्यात इथिओपियावर चार गोल चढवले. चारही गोल एकाच माणसाचे. नाव मोहम्मद दिआब अल-अत्तार, पण सगळे त्याला ‘अद-दिबा’ म्हणत. हाच अद-दिबा पुढे पंच झाला आणि १९६८च्या अंतिम सामन्यात शिट्टी त्याच्याच हाती होती.

खरं तर त्या पहिल्या स्पर्धेत संघ चार असायचे होते. आफ्रिकी फुटबॉल महासंघ स्थापन करणाऱ्या चार देशांत इजिप्त, सुदान आणि इथिओपियाबरोबर दक्षिण आफ्रिकाही होती. पण तिथे वर्णभेदाचं सरकार होतं. संघ पाठवू, पण एकतर सगळे गोरे किंवा सगळे काळे, मिश्र नाही, अशी त्यांची भूमिका होती. उरलेल्या तिघांनी ती मान्य केली नाही. दक्षिण आफ्रिकेशी ज्याची उपांत्य लढत व्हायची, तो इथिओपिया न खेळताच अंतिम सामन्यात गेला.

या घटनेचं वजन कळायला तेव्हाचा नकाशा आठवावा लागतो. १९५७च्या फेब्रुवारीत आफ्रिकेचा बहुतेक भाग अजून ब्रिटन, फ्रान्स, पोर्तुगाल आणि बेल्जियमच्या ताब्यात होता. घानाला स्वातंत्र्य मिळालं ते ही स्पर्धा संपल्यानंतर, ६ मार्चला. युरोपची राष्ट्रीय संघांची स्पर्धा तर सुरूच व्हायची होती, ती आली १९६०मध्ये. अशा काळात तीन देशांनी वर्णभेद मानणाऱ्या संघाला दारातूनच परत पाठवलं. जागतिक संघटना फिफाने दक्षिण आफ्रिकेला पहिल्यांदा निलंबित केलं १९६१मध्ये, आणि कायमचं बाहेर काढलं १९७६मध्ये.

आज ‘आफ्रिकन नेशन्स कप’ किंवा थोडक्यात ‘आफकॉन’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या स्पर्धेबद्दल आपल्याकडे बोललं जातं ते बहुतेक वेळा एकाच निमित्ताने. जानेवारीत इजिप्तचा सालाह किंवा सेनेगलचा माने क्लबसाठी उपलब्ध नसतो आणि चाहते कुरकुरतात. पण ही स्पर्धा विश्वचषकाची धाकटी आवृत्ती म्हणून जन्माला आलेली नाही. खेळाचे नियम, प्रवेशाच्या अटी, स्पर्धेचं वेळापत्रक या गोष्टी आमच्या आम्ही ठरवू, या आग्रहातून ती उभी राहिली. तिच्या इतिहासातल्या जवळपास प्रत्येक भांडणाच्या मुळाशी हा आग्रह सापडतो.

सुरुवातीची वर्षं लहान मांडणीची होती. १९५९ला कैरोमध्ये पुन्हा तेच तीन संघ आले आणि पुन्हा इजिप्त जिंकला. १९६२ला आदिस अबाबामध्ये चार संघ झाले. त्या अंतिम सामन्यात इथिओपियाने इजिप्तला जादा वेळेत ४-२ असं हरवलं. इजिप्त दोनदा आघाडीवर गेला होता. दुसऱ्यांदा बरोबरी साधली ती कर्णधार लुचिआनो वासालोने, सामना संपायला सहा मिनिटं उरली असताना. जादा वेळेत त्याचा भाऊ इतालो याने आघाडी मिळवून दिली आणि मेंगिस्तू वोर्कूने चौथा गोल केला. वासालो बंधूंची आई इरिट्रियाची आणि वडील इटालियन. ज्या इटलीने इथिओपियावर आक्रमण केलं होतं, त्या इटलीचं आडनाव लावणाऱ्या कर्णधाराने सम्राट हैले सेलासींच्या हातून करंडक घेतला. इथिओपियाचं हे आजवरचं एकमेव विजेतेपद.

मग आला घाना. राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमा यांना फुटबॉलमधून नव्या, स्वतंत्र आफ्रिकेचं दर्शन घडवायचं होतं. संघाचं ‘ब्लॅक स्टार्स’ हे नाव देशाच्या झेंड्यावरच्या काळ्या ताऱ्यावरून आलेलं. प्रशिक्षक चार्ल्स ग्याम्फी घानाचेच. युरोपातून माणूस आणायची गरज नाही हे त्यांनी १९६३ आणि १९६५ची विजेतेपदं मिळवून दाखवलं, आणि १९८२ला तिसऱ्यांदाही.

याच काळात आफ्रिकेने फुटबॉलच्या इतिहासातला एक मोठा बहिष्कार घातला. १९६६च्या विश्वचषकात सोळा संघ खेळणार होते. फिफाने आफ्रिका, आशिया आणि ओशनिया या सगळ्यांना मिळून एकच जागा ठेवली. म्हणजे आफ्रिकेत पहिला आलेला संघही थेट विश्वचषकात जाणार नव्हता, त्याने आणखी आशियाच्या विजेत्याशी झुंजायचं. घानाचे क्रीडा प्रशासक ओहेने जान आणि इथिओपियाचे येद्नेकाचू तेसेमा यांनी याविरुद्ध मोहीम उघडली. मागणी साधी होती: खंडाला निदान एक हक्काची जागा द्या. फिफाने ऐकलं नाही आणि आफ्रिकेच्या संघांनी पात्रता फेरीतून अंग काढून घेतलं. त्या विश्वचषकात एकही आफ्रिकी देश नव्हता.

तरी त्या स्पर्धेत सर्वाधिक, म्हणजे ९ गोल करणारा खेळाडू आफ्रिकेत जन्मलेला होता. युसेबिओ मोझांबिकचा. पण मोझांबिक तेव्हा पोर्तुगालची वसाहत, म्हणून त्याच्या अंगावर पोर्तुगालचा शर्ट. आशियाकडून गेलेल्या उत्तर कोरियाने उपांत्यपूर्व सामन्यात पोर्तुगालवर ३-० आघाडी घेतली, ती मोडून काढली याच युसेबिओने, चार गोल करून. आफ्रिकेकडून काय काय काढून घेतलं गेलं होतं, ते या एका सामन्यात दिसतं.

बहिष्कार फळाला आला. १९७०च्या विश्वचषकासाठी आफ्रिकेला स्वतःची एक जागा मिळाली आणि मोरोक्को मेक्सिकोला गेला. पुढची पायरी १९७४ची. फिफाच्या अध्यक्षपदाच्या निवडणुकीत ब्राझीलच्या जोआओ हावेलांजनी इंग्लंडच्या स्टॅन्ली राउसना हरवलं. राउस दक्षिण आफ्रिकेच्या बाबतीत मवाळ आहेत हे आफ्रिकी देश विसरले नव्हते, आणि हावेलांजनी विश्वचषक मोठा करण्याचं आश्वासन दिलं होतं. १९८२ला विश्वचषकातले संघ सोळाचे चोवीस झाले, आफ्रिकेच्या जागा एकाच्या दोन. १९९८ला त्या पाच झाल्या आणि २०२६साठी नऊ, वर पात्रतेची आणखी एक संधी. हा आकडा कुणी आपणहून हातात ठेवलेला नाही.

आता खेळाडूंकडे वळतो, कारण या स्पर्धेचा सगळ्यात गुंतागुंतीचा भाग खेळाडूंच्या येण्याजाण्याचा आहे.

१९६५पासून एक नियम होता. परदेशात खेळणारे जास्तीत जास्त दोन खेळाडू एका संघात घेता येतील. तेसेमा पुढे १९७२ ते १९८७ आफ्रिकी महासंघाचे अध्यक्ष होते आणि चांगले खेळाडू युरोपने ओढून नेणं त्यांना सलत असे. खंडाची स्पर्धा खंडात खेळणाऱ्यांची राहावी, असा त्यामागचा विचार. म्हणूनच १९६८ आणि १९७०मधले तारे पाहिले तर बहुतेक घरच्या क्लबांचे दिसतात. आयव्हरी कोस्टचा लोराँ पोकू त्यातला अव्वल. १९६८ला त्याने ६ गोल केले, १९७०ला ८, त्यातले ५ एकट्या इथिओपियाविरुद्ध. एकूण १४ गोलांचा त्याचा विक्रम २००८पर्यंत टिकला. मग कॅमेरूनच्या सॅम्युएल एटोने तो मोडला आणि १८ गोलांवर नेऊन ठेवला.

१९७४मध्ये झैरेच्या, म्हणजे आजच्या काँगो लोकशाही प्रजासत्ताकाच्या, न्दाये मुलांबाने एकाच स्पर्धेत ९ गोल केले. अंतिम सामना झांबियाशी २-२ बरोबरीत सुटला. तेव्हा पेनल्टीऐवजी सामना पुन्हा खेळवत. दुसऱ्या सामन्यात झैरे २-० जिंकलं. दोन्ही सामन्यांतले झैरेचे चारही गोल मुलांबाचे. एका स्पर्धेतला ९ गोलांचा त्याचा विक्रम त्यानंतर अनेक दशकं कुणाला गाठता आला नाही.

इतकं करून मुलांबाच्या वाट्याला काय आलं? त्याच वर्षी झैरे विश्वचषकात गेलं आणि युगोस्लाव्हियाकडून ०-९ हरलं. त्या सामन्यात पंचांनी दुसऱ्याच्या चुकीबद्दल मुलांबाला बाहेर काढलं. पुढे देशातल्या हिंसाचारातून तो जीव वाचवून दक्षिण आफ्रिकेत गेला आणि हलाखीत राहिला. १९९८च्या स्पर्धेत तो वारल्याची चुकीची बातमी पोहोचली आणि त्याच्यासाठी एक मिनिट शांतता पाळली गेली, तो जिवंत असताना. तो गेला २०१९मध्ये. ज्या खेळाडूंच्या खांद्यावर ही स्पर्धा मोठी झाली, त्यांची विचारपूस नीट झाली नाही, हे मला फार लागतं.

दोन परदेशी खेळाडूंची अट १९८२ला गेली आणि चित्र पालटलं. आता संघ युरोपातल्या व्यावसायिकांचे होऊ लागले. कॅमेरूनने १९८४ आणि १९८८ अशी दोन विजेतेपदं मिळवली, दोन्ही अंतिम सामन्यांत नायजेरियाला हरवून. रॉजर मिला त्या संघांत होता. जगाला तो कळला १९९०च्या विश्वचषकात, ३८व्या वर्षी. आफ्रिकेला तो केव्हाचाच माहीत होता.

पुढची उलथापालथ उलट्या दिशेने झाली. आफ्रिकेतून खेळाडू युरोपात जात होतेच, आता युरोपात जन्मलेली मुलं आईवडिलांच्या देशाकडून खेळायला येऊ लागली. नियम असा होता की एकदा एखाद्या देशाच्या युवा संघाकडून अधिकृत स्पर्धेत खेळलं की देश बदलता येत नाही. २००४मध्ये फिफाने तो सैल केला: वरिष्ठ संघाकडून खेळलेला नसेल तर २१ वर्षांपर्यंत बदल करता येईल. २००९ला वयाची अटही गेली. ल्योंजवळ जन्मलेला, फ्रान्सच्या २१ वर्षांखालील संघात खेळलेला फ्रेडरिक कानूते याच बदलामुळे वडिलांच्या माली देशाकडून २००४ची स्पर्धा खेळला. २००७चा आफ्रिकेतला सर्वोत्तम फुटबॉलपटू तोच ठरला. आफ्रिकेबाहेर जन्मलेल्या खेळाडूला तो मान पहिल्यांदा मिळाला.

काही लोक याला सोयीचं देशप्रेम म्हणतात. मला ते पटत नाही. अल्जेरियाचं उदाहरण घ्या. १९५८मध्ये रशीद मेखलूफी आणि मुस्तफा झितूनी हे फ्रान्सच्या क्लबांत नाव कमावलेले खेळाडू गुपचूप निघून ट्युनिसला गेले आणि अल्जेरियाच्या स्वातंत्र्य चळवळीच्या संघात सामील झाले. फ्रान्सकडून विश्वचषक खेळण्याची संधी समोर असताना. २०१९मध्ये अल्जेरियाने आफकॉन जिंकला तेव्हा कर्णधार रियाद माहरेझ पॅरिसच्या उपनगरात जन्मलेला, प्रशिक्षक जमाल बेलमादीही पॅरिसजवळच जन्मलेले. उपांत्य सामन्यात नायजेरियाविरुद्ध अगदी शेवटच्या क्षणी माहरेझने फ्री किकवर गोल केला. साठ वर्षांत परिस्थिती बदलली, पण दोन देशांमध्ये वाढलेल्या माणसाला आपला देश कोणता हा प्रश्न पडतोच, आणि त्याचं उत्तर त्याने स्वतः दिलेलं बरं.

या स्पर्धेत राजकारण असं कधी दारातून, कधी खिडकीतून येत राहिलं. १९९६ची स्पर्धा केनियात व्हायची होती. त्यांची तयारी झाली नाही म्हणून ती दक्षिण आफ्रिकेला मिळाली. बंदीतून बाहेर येऊन त्यांना चारच वर्षं झाली होती. गतविजेता नायजेरिया आलाच नाही. तिथल्या लष्करी राजवटीने नोव्हेंबर १९९५मध्ये लेखक केन सारो-विवा यांना फाशी दिलं होतं, त्यावर नेल्सन मंडेलांनी कडक टीका केली, आणि नायजेरियाने संघ मागे घेतला. अंतिम सामन्यात बदली खेळाडू मार्क विल्यम्सने दोन गोल करून ट्युनिशियाला हरवलं. मंडेला हजर होते. करंडक उचलणारा कर्णधार नील टोवी गोरा, त्याच्या संघात ल्युकस राडेबे आणि डॉक्टर खुमालो. १९५७ला ज्या मिश्र संघाला दक्षिण आफ्रिकेने नकार दिला होता, तोच हा संघ.

आयव्हरी कोस्टमध्ये यादवी चालू होती तेव्हा संघाचा कर्णधार दिदिए द्रोग्बाने २००८च्या स्पर्धेचा पात्रता सामना बंडखोरांच्या ताब्यातल्या बुआके शहरात व्हावा असं सुचवलं. जून २००७मध्ये तो तिथे झाला आणि मादागास्करला ५-० हरवलं. तरी द्रोग्बाच्या नशिबी हा करंडक नव्हता. २००६ आणि २०१२, दोन्ही अंतिम सामने पेनल्टीवर गेले. त्याने आंतरराष्ट्रीय फुटबॉलमधून निवृत्ती घेतली आणि पुढच्याच वर्षी, २०१५ला, आयव्हरी कोस्ट जिंकला.

२०१२चा तो अंतिम सामना मात्र वेगळ्याच कारणाने लोकांच्या मनात आहे. २७ एप्रिल १९९३ रोजी झांबियाच्या संघाला सेनेगलकडे नेणारं लष्करी विमान गॅबॉनच्या लिब्रव्हिलमध्ये इंधन भरून निघालं आणि काही मिनिटांत समुद्रात कोसळलं. विमानातले सगळे ३० जण गेले, त्यात १८ खेळाडू. सर्वांत नामांकित खेळाडू कालुशा ब्वाल्या हॉलंडमध्ये खेळत असल्याने वेगळ्या मार्गाने येणार होता, म्हणून वाचला. त्याच्या नेतृत्वाखाली झांबियाने नवा संघ उभा केला आणि वर्षभरात, एप्रिल १९९४मध्ये, आफकॉनचा अंतिम सामना गाठला. नायजेरियाने त्यांना २-१ हरवलं.

अठरा वर्षांनी झांबिया पुन्हा अंतिम सामन्यात पोहोचला, आणि तो सामना होता लिब्रव्हिलमध्ये. सामन्याआधी संघ समुद्रकिनारी गेला आणि मृतांना फुलं वाहून आला. समोर द्रोग्बा, याया टूरे, जेर्विन्यो यांचा आयव्हरी कोस्ट. झांबियाच्या संघात युरोपातल्या मोठ्या क्लबांची नावं नव्हती. नियमित वेळेत द्रोग्बाची पेनल्टी वरून गेली, १२० मिनिटांत गोल झाला नाही, आणि शूटआऊट ८-७ने झांबियाने जिंकला. ब्वाल्या तेव्हा झांबियाच्या फुटबॉल संघटनेचा अध्यक्ष होता.

सर्वाधिक सात विजेतेपदं इजिप्तची आहेत, त्यातली २००६, २००८ आणि २०१० ही सलग. सालाहच्या काळात मात्र इजिप्त दोन अंतिम सामने हरला, २०१७चा कॅमेरूनकडून आणि २०२१च्या आवृत्तीतला सेनेगलकडून. दुसऱ्या वेळी निर्णायक पेनल्टी मारली सादिओ मानेने, लिव्हरपूलमधल्या सालाहच्या साथीदाराने. दुसरीकडे लायबेरियाचा जॉर्ज वेया. १९९५चा बॅलन डी’ऑर, म्हणजे फुटबॉलमधला सर्वांत मानाचा वैयक्तिक पुरस्कार, त्याच्या नावावर, पण आफकॉनमध्ये तो दोनदाच खेळू शकला आणि संघ गटाच्या पुढे गेला नाही. देश लहान असला की एकटा माणूस कितीही मोठा असून पुरत नाही.

आता स्पर्धेची सध्याची रचना. २०१९पासून २४ संघ खेळतात, चार-चारचे सहा गट. प्रत्येक गटातले पहिले दोन पुढे जातात, म्हणजे बारा. बाद फेरीला सोळा संघ लागतात, म्हणून तिसऱ्या क्रमांकावर राहिलेल्या सहांपैकी सर्वोत्तम चार घेतले जातात. याचा अर्थ दोन सामने हरूनही संघ जिवंत राहू शकतो. जानेवारी २०२४मध्ये यजमान आयव्हरी कोस्टने ते करून दाखवलं. इक्वेटोरिअल गिनीकडून घरच्या मैदानावर ०-४ हरले, प्रशिक्षकाला काढलं, आणि मोरोक्कोने झांबियाला हरवल्यामुळे तिसऱ्या क्रमांकावरून कसेबसे पुढे सरकले. तात्पुरत्या नेमलेल्या एमर्स फाए यांच्या हाताखाली त्यांनी गतविजेत्या सेनेगलला पेनल्टीवर, मालीला दहा खेळाडूंनिशी, मग काँगो लोकशाही प्रजासत्ताकाला आणि शेवटी नायजेरियाला २-१ हरवलं. विजयी गोल सेबास्तिआँ हालेचा, जो कर्करोगाच्या उपचारांतून मैदानावर परतला होता.

ही स्पर्धा २०२४ला झाली तरी तिचं नाव ‘२०२३’ होतं. हा गोंधळ दर वेळी नवख्याला चकवतो, आणि त्याचं कारण पुन्हा वेळापत्रकाचं भांडण आहे. युरोपातल्या लीग ऑगस्ट ते मे चालतात. आफकॉन जानेवारीत आली की क्लबांना ऐन मोसमात खेळाडू सोडावे लागतात, फिफाचा नियमच तसा आहे. क्लबांच्या मागणीवरून २०१९ला स्पर्धा जून-जुलैमध्ये नेली. पण आफ्रिकेच्या मोठ्या भागात ते पावसाचे महिने. कॅमेरून आणि आयव्हरी कोस्टच्या वेळी तारीख पुन्हा जानेवारीवर आली आणि नाव आधीच्या वर्षाचं राहिलं. २०२५ची मोरोक्कोतली स्पर्धा डिसेंबरपर्यंत ढकलावी लागली, कारण उन्हाळ्यात फिफाने क्लबांचा नवा विश्वचषक ठेवला होता.

त्या स्पर्धेच्या तोंडावर आफ्रिकी महासंघाने जाहीर केलं की २०२८नंतर आफकॉन दोनऐवजी चार वर्षांनी होईल. १९६८पासून दोन वर्षांचा क्रम होता. त्यामुळे महासंघाकडे नियमित पैसा येत होता, यजमान देशांत मैदानं उभी राहत होती, आणि लहान देशांना मोठ्या मंचावर येण्याची संधी वारंवार मिळत होती. बदल्यात दरवर्षीची नेशन्स लीग सुरू करू, असं महासंघ म्हणतो. मला हा सौदा आफ्रिकेच्या तोट्याचा वाटतो. पन्नासहून अधिक सदस्य देश, त्यात विश्वचषकाचं दार बहुतेकांना बंदच, आणि त्यांची हक्काची स्पर्धा युरोपच्या वेळापत्रकासाठी निम्म्यावर आणायची. तेसेमांनी ही गोष्ट सहज मान्य केली असती असं वाटत नाही.